मराठी निसर्गचित्र आणि प्रदेशाची ओळख : खटाव-औंध परिसराच्या संदर्भात एक समीक्षा

गोषवारा : निसर्गचित्र हा चित्रकलेतील सर्वांत निरुपद्रवी प्रकार मानला जातो. प्रत्यक्षात कोणता भूभाग चित्रविषय म्हणून निवडला गेला आणि कोणता वगळला गेला, यातून त्या समाजाची स्वतःविषयीची कल्पना व्यक्त होत असते. महाराष्ट्रातील निसर्गचित्रणाची परंपरा वसाहतकालीन दृष्टीतून सुरू झाली. राष्ट्रीय चळवळीच्या काळात तिला दुय्यम स्थान मिळाले आणि स्वातंत्र्यानंतर तिने अनेक दिशा घेतल्या. या प्रवासात सातारा-सांगलीच्या पूर्वेकडील अवर्षणग्रस्त प्रदेशाला चित्रात फारसे स्थान का मिळाले नाही, याचा विचार प्रस्तुत लेखात औंधचे संग्रहालय आणि माणदेशी साहित्य यांच्या आधारे केला आहे.

बीजसंज्ञा : निसर्गचित्र, राष्ट्रीय अस्मिता, औंध संस्थान, आबालाल रहिमान, माणदेश.

१. प्रस्तावना

महाराष्ट्रातील कोणत्याही प्राथमिक शाळेत मुलांना 'निसर्गचित्र काढा' असे सांगितले तर बहुतेक वह्यांत एकच चित्र उमटते. दोन त्रिकोणी डोंगर, त्यांच्यामधून उगवणारा सूर्य, डोंगरातून वाहत येणारी नदी, काठावर कौलारू घर आणि नारळाचे झाड. कोकणातील मुलाने हे चित्र काढले तर ते समजण्यासारखे आहे. परंतु वडूज, मायणी, म्हसवड किंवा आटपाडी येथील मूलही हेच चित्र काढते. त्याच्या घरासमोर बोडका माळ असतो, बाभूळ आणि बोर असते, वर्षातील बराच काळ कोरडे राहणारे येरळेचे किंवा माणगंगेचे पात्र असते. यांपैकी काहीही त्याच्या कागदावर येत नाही. आपल्या भोवतालचा प्रदेश हा 'निसर्ग' नव्हे आणि निसर्ग म्हणजे दुसरीकडे कोठेतरी असलेली हिरवी जागा, हे त्या मुलाने फार लवकर शिकलेले असते.

ही शिकवण कोठून आली, हा प्रस्तुत लेखाचा मुख्य प्रश्न आहे. तो केवळ शालेय चित्रकलेचा प्रश्न नाही. एकोणिसाव्या शतकात जगभर राष्ट्रकल्पना घडत असताना निसर्गचित्राने त्यात महत्त्वाचा वाटा उचलला. इंग्लंडमध्ये जॉन कॉन्स्टेबलने रंगविलेला सफोक परगण्यातील शेतीचा परिसर पुढे साऱ्या इंग्लंडचे प्रतीक झाला. अमेरिकेत थॉमस कोल आणि त्याच्या अनुयायांनी हडसन नदीच्या खोऱ्यातील अरण्ये रंगवून नव्या राष्ट्राला त्याची भूमी दाखविली. रशियात लेव्हिटानने साध्या, उदास सपाट प्रदेशाला राष्ट्रीय भावनेचे वाहन बनविले. यांतील लेव्हिटानचे उदाहरण विशेष विचार करण्यासारखे आहे. चित्रविषय होण्यासाठी भूमी रमणीय असावीच लागते, असे नाही, हे त्यातून सिद्ध होते. महाराष्ट्रात मात्र या प्रकारची प्रक्रिया सरळपणे घडली नाही. तिची कारणे इतिहासात शोधावी लागतात.

२. 'देखावा' आणि 'पॉइंट' : वसाहतकालीन दृष्टी

पाश्चात्त्य पद्धतीचे निसर्गचित्रण महाराष्ट्रात आले ते अठराव्या शतकाच्या अखेरीस. स्कॉटिश चित्रकार जेम्स वेल्स १७९१ मध्ये मुंबईत आला आणि पुढे पुण्यात पेशव्यांच्या दरबारात त्याने व्यक्तिचित्रे केली. ब्रिटिश रेसिडेंट चार्ल्स मॅलेट याच्या प्रोत्साहनाने वेल्सने वेरूळच्या लेण्यांची रेखाटने केली. त्याच्या या कामात गंगाराम तांबट हा पुण्याचा चित्रकार सहभागी होता. वेल्सची मुंबई बेटाची बारा दृश्ये त्याच्या मृत्यूनंतर, १८०० मध्ये प्रसिद्ध झाली. थॉमस आणि विल्यम डॅनियल या काका-पुतण्यांची 'ओरिएंटल सीनरी' ही १४४ मुद्राचित्रांची मालिका १७९५ ते १८०८ या काळात लंडनमध्ये प्रकाशित झाली. या चित्रांतील भारत म्हणजे भग्न वास्तू, विस्तीर्ण आकाश आणि प्रमाण दाखविण्यापुरत्या लहान मानवी आकृती. ज्यांची ती भूमी होती, ती माणसे चित्रात केवळ मोजपट्टीसारखी उभी राहिली.

या दृष्टीचा सर्वांत ठळक ठसा सातारा जिल्ह्यातच पाहावयास मिळतो. गव्हर्नर जॉन माल्कम याने साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह यांच्याशी करार करून १८२८-२९ च्या सुमारास महाबळेश्वर येथे आरोग्यस्थान वसविले. तेथे एल्फिन्स्टन पॉइंट, बॅबिंग्टन पॉइंट, केट्स पॉइंट अशी स्थाने निश्चित झाली. 'पॉइंट' म्हणजे जेथे उभे राहिले असता समोरचा प्रदेश चित्राच्या चौकटीत बसविल्याप्रमाणे दिसतो ती जागा. ज्या सह्याद्रीला त्याच्या पायथ्याचे लोक घाट, खिंड, सडा, रान, देवराई अशा उपयोगाच्या व श्रद्धेच्या शब्दांनी ओळखत होते, त्याला प्रथमच केवळ 'पाहण्याची वस्तू' हे रूप मिळाले. पाहणाऱ्याचे स्थान वर आणि प्रदेश खाली, ही रचना निव्वळ सौंदर्यदृष्टीची नव्हती. १८४८ मध्ये सातारचे राज्य खालसा झाले, हे येथे लक्षात घ्यावयास हवे. 'पॉइंट' हा शब्द मराठीने इतका आपलासा केला की आज कोणत्याही डोंगरावर पर्यटक प्रथम पॉइंट शोधतो. निसर्गचित्रासाठी मराठीत दीर्घकाळ वापरला गेलेला 'देखावा' हा शब्दही असाच सूचक आहे. त्यात दिसणे आहे, राहणे नाही.

मुंबईत १८५७ मध्ये सुरू झालेल्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टने ही दृष्टी अभ्यासक्रमात आणली. यथादर्शन, छायाप्रकाश, जलरंगांचे पारदर्शक थर यांचे शिस्तबद्ध शिक्षण येथे मिळू लागले. १८८८ मध्ये स्थापन झालेल्या बॉम्बे आर्ट सोसायटीच्या प्रदर्शनांमुळे निसर्गचित्राला बाजारपेठ आणि पारितोषिके मिळाली. जलरंगाचे माध्यम दमट हवा, धुके आणि पाण्यातील प्रतिबिंबे यांना विशेष अनुकूल असते. त्यामुळे नाशिकचा घाट, मुंबईची बंदरे, कोकणातील खाड्या, पावसाळी रस्ते हे विषय स्थिर झाले. ल. ना. तासकर, सा. ल. हळदणकर यांसारख्या चित्रकारांनी या मर्यादेत उच्च प्रतीचे काम केले. घाटावरील वर्दळ, देवळाचा परिसर, ओल्या दगडावरील ऊन हे त्यांच्या पिढीचे बलस्थान होते. परंतु माध्यम, शिक्षण आणि ग्राहक या तिघांनी मिळून चित्रयोग्य प्रदेशाची एक यादी नकळत तयार केली. त्या यादीत कोरडा देश नव्हता.

३. राष्ट्रकल्पना : माणूस पुढे, प्रदेश मागे

राष्ट्रीय चळवळीच्या काळात ही यादी बदलेल, अशी अपेक्षा करणे स्वाभाविक होते. तसे घडले नाही. राजा रविवर्मा यांनी १८९४ मध्ये मुंबईत सुरू केलेल्या छापखान्यातून घरोघर पोहोचलेल्या चित्रांत पौराणिक स्त्री-पुरुष अग्रभागी आहेत आणि निसर्ग हा त्यांच्यामागील पडदा आहे. अवनींद्रनाथ ठाकूर यांनी १९०५ मध्ये 'भारतमाता' रंगविली. तेथे तर देश हा भूमीच्या रूपात नसून देवतेच्या रूपात आहे. मराठी चित्रकारांनी राष्ट्रभावना व्यक्त करण्यासाठी प्रामुख्याने शिवचरित्र निवडले. कोल्हापुरात जन्मलेल्या म. वि. धुरंधर यांच्या ऐतिहासिक चित्रांत घोडे, पेहराव, दरबार यांचे अभ्यासपूर्ण तपशील येतात. गड आणि डोंगर मात्र घटनेचे स्थळ म्हणून येतात.

याचे कारण चित्रकारांच्या उणिवेत शोधणे योग्य होणार नाही. पारतंत्र्यात राष्ट्राची कल्पना भूतकाळातील पराक्रमी पुरुषांच्या आधारेच उभी करणे शक्य होते. वर्तमान भूमी परक्यांच्या ताब्यात होती आणि तिचे नकाशे, मोजणी, महसुलाची प्रतवारी सारे त्यांच्याच भाषेत होते. मात्र याच काळात काव्याने वेगळी दिशा घेतली होती, ही बाब नोंदविण्यासारखी आहे. गोविंदाग्रजांच्या महाराष्ट्रगीताने या देशाच्या दगडधोंड्यांचा आणि राकटपणाचा अभिमान गायिला. मराठी माणूस आपली ओळख कवितेत खडकाशी जोडत होता आणि चित्रात मात्र पाणी व हिरवळ शोधत होता. ही विसंगती मराठी दृश्यसंस्कृतीच्या इतिहासात पुरेशी तपासली गेलेली नाही.

४. आबालाल रहिमान : जवळून पाहिलेला प्रदेश

या चौकटीला सर्वांत महत्त्वाचा अपवाद कोल्हापूरचे आबालाल रहिमान (निधन १९३१) यांचा आहे. जे. जे. स्कूलमध्ये शिक्षण घेऊन मुंबईत नाव मिळविण्याची संधी असताना ते कोल्हापूरला परतले. राजर्षी शाहू महाराजांचा त्यांना आश्रय लाभला. कोटितीर्थाच्या परिसरात राहून त्यांनी तोच तलाव, तीच झाडे, तोच काठ निरनिराळ्या प्रहरी आणि ऋतूंत पुन्हा पुन्हा रंगविला. १९२२ मध्ये शाहू महाराजांचे निधन झाल्यावर त्यांनी आपली अनेक चित्रे पाण्यात सोडली, असे सांगितले जाते. त्यांच्या कामाचा फार थोडा भाग आज उपलब्ध आहे.

आबालाल यांचे वेगळेपण त्यांच्या रंगलेपनाइतकेच त्यांच्या स्थानात आहे. ते उंचावरील पॉइंटवरून पाहत नाहीत, पाण्याच्या पातळीवर उभे राहून पाहतात. प्रवासी एकदा पाहतो, रहिवासी रोज पाहतो, हा भेद त्यांच्या चित्रांतून जाणवतो. परंतु येथेही एक मर्यादा लक्षात घ्यावी लागते. १९०६ मध्ये शाहू महाराजांनी ज्या गिरणीची पायाभरणी केली ती याच कोटितीर्थाच्या परिसरात उभी राहिली. कोल्हापूर संस्थानात उद्योग, शिक्षण आणि सामाजिक न्याय यांचे मोठे परिवर्तन घडत होते. आबालाल यांच्या चित्रांची कीर्ती मात्र पाण्यावरील प्रकाशामुळे आहे, त्या परिवर्तनामुळे नाही. प्रदेशाशी अत्यंत जवळीक साधूनही त्यांच्या चित्रातील काळ ऋतूंचा आहे, इतिहासाचा नाही. त्यामुळे त्यांची थोरवी उणावत नाही. निसर्गचित्राने काय साधले आणि काय बाजूला ठेवले, एवढेच यातून स्पष्ट होते.

५. औंधचे संग्रहालय आणि भोवतालचा माळ

खटाव तालुक्यातील औंध हे या विषयाच्या दृष्टीने अपूर्व ठिकाण आहे. औंध संस्थानचे अधिपती भवानराव तथा बाळासाहेब पंतप्रतिनिधी (१८६८-१९५१) हे स्वतः चित्रकार होते. त्यांचे 'चित्ररामायण' १९१६ मध्ये प्रसिद्ध झाले. अजिंठ्याच्या चित्रांचा त्यांनी ध्यास घेतला होता. १९३८ मध्ये यमाईच्या डोंगराच्या परिसरात त्यांनी श्री भवानी संग्रहालय उभारले. रविवर्मा, धुरंधर यांची चित्रे, बंगाल शैलीतील काम, पाश्चात्त्य अभिजात कलाकृतींच्या प्रतिकृती आणि हेन्री मूर या शिल्पकाराचे 'माता आणि मूल' हे शिल्प अशी संपदा या ग्रामीण भागात एकत्र आली. वेदाभ्यासक पं. श्री. दा. सातवळेकर हे मूळचे चित्रकार औंध येथेच दीर्घकाळ वास्तव्यास होते आणि त्यांचे पुत्र माधव सातवळेकर पुढे नामांकित चित्रकार झाले.

याच संस्थानाने भूमीविषयी दुसराही एक प्रयोग केला. १९१० मध्ये कुंडलजवळच्या ओसाड माळावर लक्ष्मणराव किर्लोस्करांना कारखान्यासाठी जागा मिळाली आणि किर्लोस्करवाडी वसली. लक्ष्मणराव तरुणपणी जे. जे. स्कूलमध्ये चित्रकला शिकण्यासाठी गेले होते. रंग ओळखण्यातील दोषामुळे त्यांना ती वाट सोडावी लागली आणि ते यंत्ररेखनाकडे वळले. ज्याला निसर्गचित्र रंगविता आले नाही, त्याने निवडुंग माजलेल्या माळाचे प्रत्यक्ष रूप पालटले, ही घटना या इतिहासातील एक बोलका योगायोग आहे. १९३९ मध्ये महात्मा गांधींच्या मार्गदर्शनाखाली औंध संस्थानाने ग्रामपंचायतींवर आधारलेली राज्यघटना स्वीकारली. अशा प्रकारे भूमी, श्रम आणि सत्ता यांचे नाते येथे नव्याने मांडले जात होते.

असे असता औंधच्या संग्रहाचा मुख्य कल पुराण, इतिहास आणि जागतिक कलेचे नमुने यांकडे राहिला. संस्थापकाचा हेतू लोकशिक्षणाचा होता आणि तो उदात्त होता. खेड्यातील माणसाला मुंबई किंवा युरोपला न जाता श्रेष्ठ कला पाहता यावी, ही त्यामागील भूमिका होती. तथापि, संग्रहालयाच्या दारात उभे राहिल्यावर जो विस्तीर्ण, तांबूस, कोरडा प्रदेश दृष्टीस पडतो, तो आत भिंतीवर कितीसा आहे, हा प्रश्न समीक्षेने विचारणे आवश्यक आहे. जगाचे दर्शन घडविणारी संस्था भोवतालच्या माळाला चित्रविषयाची प्रतिष्ठा देऊ शकली असती. ते घडले असते तर या भागातील विद्यार्थ्याच्या वहीतील चित्र कदाचित वेगळे दिसले असते.

या माळावर इतिहास घडला नाही, असेही म्हणता येत नाही. ९ सप्टेंबर १९४२ रोजी वडूजच्या मामलेदार कचेरीवर निघालेल्या मोर्चावर गोळीबार झाला आणि परशुराम घार्गे यांच्यासह नऊ जण हुतात्मे झाले. त्यानंतरच्या प्रतिसरकारच्या काळात क्रांतिसिंह नाना पाटील आणि त्यांच्या सहकाऱ्यांना याच भागातील डोंगरकपारी, ओढे, पिके आणि वस्त्या यांनी आश्रय दिला. औंध संस्थानातील कुंडल हे या चळवळीचे प्रमुख केंद्र होते. येथे भूमी ही घटनेची पार्श्वभूमी नव्हती, ती घटनेतील सहभागी होती. हा आशय स्मारकांत आणि पोवाड्यांत आला, निसर्गचित्राच्या परंपरेत मात्र त्याला वाट मिळाली नाही.

६. माणदेश : शब्दांतील निसर्गचित्र

चित्रकलेने जे बाजूला ठेवले ते मराठी साहित्याने उचलले. व्यंकटेश माडगूळकर (१९२७-२००१) हे औंध संस्थानातील माडगूळचे. त्यांना चित्रकलेची उत्तम जाण होती आणि ते स्वतः रेखाटने करीत. 'माणदेशी माणसे' (१९४९) आणि 'बनगरवाडी' (१९५५) या कृतींत माणदेशाचा भूभाग प्रथमच पूर्ण प्रतिष्ठेने अवतरला. 'बनगरवाडी'तील वाडी, मेंढरे, धनगरांची पायवाट, उन्हाचा रंग यांची मांडणी मोजक्या रेषांत होते आणि ती रेखाटनकाराची मांडणी आहे. या कादंबरीत संस्थानाचा राजा तालमीच्या निमित्ताने वाडीत येतो, हा प्रसंगही या लेखाच्या दृष्टीने अर्थपूर्ण आहे. संग्रहालय उभारणारी सत्ता येथे माळावरच्या माणसांच्या नजरेतून पाहिली गेली आहे. अखेरीस दुष्काळ पडतो आणि वाडी ओस होते. ऋतुचक्राचा काळ आणि इतिहासाचा काळ येथे एकमेकांत मिसळतात. आबालाल यांच्या चित्रांत ज्याची उणीव जाणवते, ते येथे गद्यात साध्य झाले आहे.

सातारा जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला महाबळेश्वरी वर्षाला ५,००० मि.मी. हून अधिक पाऊस पडतो, तर पूर्वेला खटाव-माणच्या पट्ट्यात तो ५०० मि.मी. च्या आसपास असतो. एकाच जिल्ह्यातील या दोन भूभागांपैकी पहिल्याला 'पॉइंट' मिळाले, दुसऱ्याला कादंबरी मिळाली. पहिला सौंदर्याच्या भाषेत ओळखला गेला, दुसरा अभावाच्या. दुष्काळी हे विशेषण शासकीय दप्तरातून आले आणि प्रदेशाचे नावच होऊन बसले. माडगूळकरांनी त्या विशेषणाच्या पलीकडे जाऊन तेथील रंग आणि रेषा दाखविल्या. हे त्यांचे वाङ्मयीन कार्य आहेच, शिवाय मराठी दृश्यसंस्कृतीतील एक मूलभूत दुरुस्तीही आहे.

७. स्वातंत्र्योत्तर दिशा

स्वातंत्र्याच्या आगेमागे निसर्गचित्रकार देशभर प्रवास करू लागले. ना. श्री. बेंद्रे यांनी काश्मीरपासून दक्षिणेपर्यंतचे प्रदेश रंगविले आणि बदलत्या शैलींतून भारताचे एकत्रित चित्र उभे केले. नव्या राष्ट्राला आपल्या विविधतेची ओळख करून देण्याचे काम या पिढीने केले. त्यानंतर जे. जे. स्कूलमध्ये शिकलेल्या सय्यद हैदर रझा यांची वाटचाल मुंबई-काश्मीरच्या जलरंगांतील दृश्यांपासून बिंदूपर्यंत झाली. वासुदेव गायतोंडे यांच्या चित्रांत स्थळाची ओळख पूर्णतः विरून गेली. कलेच्या दृष्टीने ही मोठी झेप होती. मात्र नेमक्या त्याच दशकांत महाराष्ट्राची भूमी सर्वाधिक वेगाने बदलत होती. कोयना धरणाने एक संपूर्ण खोरे पाण्याखाली गेले. १९७२ च्या दुष्काळात खडी फोडणाऱ्या हातांनी पाझर तलाव आणि नालाबांध उभे केले व गावोगावची शिवारे नव्याने आखली गेली. चित्रकलेची नजर त्या वेळी आतल्या बाजूला वळली होती.

बदलत्या भूमीला पुन्हा सामोरे जाण्याचे काम सुधीर पटवर्धन यांनी केले. 'लोअर परळ' (२००१) या त्यांच्या चित्रात गिरणगावाचे रूपांतर थेट विषय झाले आहे. १९८२ च्या गिरणी संपानंतरच्या मुंबईचा इतिहास तेथे इमारती, पूल आणि माणसे यांच्या परस्परसंबंधांतून वाचता येतो. त्या गिरण्यांत सातारा जिल्ह्यातून गेलेले असंख्य कामगार होते. त्यामुळे हे चित्र एका अर्थाने या भागाच्याही इतिहासाचे चित्र ठरते. माणूस मोजपट्टी म्हणून उभा न राहता भूदृश्याचा कर्ता म्हणून उभा राहतो, हा वेल्स-डॅनियल परंपरेपासूनचा निर्णायक बदल आहे.

८. एक आक्षेप

निसर्गचित्र हे प्रकाश, रंग आणि अवकाश यांचा शोध असते, त्याच्याकडून इतिहासाची अपेक्षा करणे म्हणजे कलेवर बाहेरचे ओझे लादणे होय, असा आक्षेप येथे घेतला जाईल. त्यात तथ्य आहे. केवळ विषय स्थानिक आहे म्हणून चित्र चांगले होत नाही आणि हुतात्मा स्मारक रंगविल्याने निसर्गचित्राला आशय प्राप्त होत नाही. परंतु प्रस्तुत विवेचनाचा रोख विषयाच्या सक्तीकडे नाही. कोरड्या प्रदेशातही प्रकाश, रंग आणि अवकाश असतात. किंबहुना, झाडोऱ्याचे आच्छादन नसल्याने तेथील भूरचना अधिक उघड दिसते, सावल्या अधिक ठाम असतात आणि क्षितिज लांबवर पसरते. या गुणांना चित्ररूप देणारी दृष्टी आणि कदाचित वेगळे माध्यमही विकसित व्हावयास हवे होते. ते झाले नाही, ही उणीव कलेच्या अंतर्गत निकषांवरच सिद्ध होते. जी दृष्टी केवळ रमणीय प्रदेशच पाहू शकते, ती कलादृष्टी म्हणूनही अपुरी ठरते.

९. समारोप

वरील विवेचनावरून काही निष्कर्ष काढता येतात. महाराष्ट्रातील निसर्गचित्राची चौकट वसाहतकालीन 'पाहण्याच्या' पद्धतीतून आली आणि कलाशिक्षणाने ती टिकवून धरली. राष्ट्रीय चळवळीने चित्रात व्यक्तीला आणि पुराण-इतिहासाला प्राधान्य दिल्याने भूमी पार्श्वभागी राहिली. आबालाल रहिमान यांनी रहिवाशाची नजर आणली, परंतु ऐतिहासिक परिवर्तन त्या नजरेबाहेर राहिले. माणदेशासारख्या प्रदेशाची ओळख चित्राऐवजी साहित्याने घडविली आणि अलीकडच्या शहरी चित्रकलेत भूदृश्य व इतिहास पुन्हा एकत्र आले.

हा प्रश्न आज अधिक तातडीचा आहे, कारण प्रदेश पुन्हा बदलत आहे. १९९० च्या दशकाच्या अखेरीपासून चाळकेवाडी-वनकुसवडेच्या पठारांवर पवनचक्क्या उभ्या राहिल्या. २०१६ ते २०१९ या काळातील पाणलोट स्पर्धांत दुष्काळी पट्ट्यातील गावांनी श्रमदानातून डोंगरउतारांवर समतल चर खोदले. उपसा सिंचन योजनांचे कालवे जेथे पोहोचले तेथे माळाचा रंगच पालटत आहे. काही वर्षांनी माडगूळकरांच्या वर्णनातील माणदेश ओळखणेही अवघड होईल. जिल्ह्यातील महाविद्यालयांचे भूगोल, इतिहास आणि मराठी हे विभाग व परिसरातील कलाशिक्षक यांनी एकत्र येऊन या बदलाचे रेखाटन आणि नोंद करण्याचे काम हाती घेतल्यास औंधच्या वारशाला नवा अर्थ लाभेल. त्यासाठी मोठ्या निधीची गरज नाही. विद्यार्थ्याला वर्गाबाहेर नेऊन येरळेच्या काठी उभे करावे, समोर जे दिसते ते आधी पाहावयास लावावे आणि मगच कागद हाती द्यावा, इतक्या साध्या कृतीपासून त्याची सुरुवात होऊ शकते.